घरगुती रक्त

आमच्या घरी रक्त गॅसवर व्हायचं. डावीकडच्या बारक्या बर्नरवर. कारण उजवीकडच्या मोठ्यावर आईचा भात असे आणि भातापुढे आमच्या घरात कुठल्याही कलेला जागा नव्हती. पातेलं ठरलेलं होतं. बुडाला काळं, कडेला पोचा आलेलं, दूध तापवण्याच्या नोकरीतून निवृत्त झालेलं. आई त्याला ‘ह्यांच्या मरणाचं पातेलं’ म्हणायची. पाहुणे आले आणि ते ओट्यावर दिसलं की ती आधी पातेलं मोरीत लपवायची आणि मग पाहुण्यांना पाणी द्यायची. एकदा गावाहून आलेल्या आत्याने ते उघडून पाहिलं, तेव्हा माझी धाकटी बहीण मंदा मोठ्या तत्परतेने म्हणाली, “आत्या, हात नको लावूस, बाबांचं रक्त आहे.” आत्या संध्याकाळचीच बिऱ्हाड हलवून काकांकडे निघून गेली.

आम्ही भाईंदर पश्चिमेला राहायचो, बाजाराच्या मागच्या अंगाला, एका तीन मजली सोसायटीत. एक खोली, एक स्वयंपाकघर, आणि बाल्कनी म्हणून जे काही होतं त्यात पाण्याचं पिंप. सकाळची सुरुवात जैनांच्या देरासरातल्या घंटेने व्हायची, तिच्यावर सोसायटीच्या पंपाची घरघर चढायची, आणि पंपावर कडी करून जिन्यातून कोणीतरी ओरडायचं, “पानी आया!” मग सगळी इमारत बादल्या घेऊन धावत सुटायची. गच्चीवर गेलं की मुर्ध्याच्या बाजूला मिठागरं दिसायची. पांढरे ढीग, मधे चमकणारं पाणी. तिकडून येणारा वारा इतका खारट की खिडकीचे गज वर्षावर्षाला गंजायचे आणि डब्यातले पापड मऊ पडायचे. बाबा त्या वाऱ्याकडे तोंड करून उभे राहायचे आणि म्हणायचे, “दिन्या, या वाऱ्यात नाटक आहे.” आई आतून म्हणायची, “या वाऱ्यात संधिवात आहे. खाली या.”

बाबा मुंबईत एका कंपनीत कारकून होते. वर्षभर ते ‘हो साहेब’, ‘आणतो साहेब’ एवढंच बोलत असावेत, कारण उरलेलं सगळं ते गणपतीसाठी साठवून ठेवत. सोसायटीच्या गणपतीत दरवर्षी एक नाटक होई. लेखक बाबा, दिग्दर्शक बाबा, नायक बाबा. बाकीच्या भूमिका लोकशाही पद्धतीने, म्हणजे बाबांना विचारून, वाटल्या जात. ज्या वर्षाची ही गोष्ट आहे त्या वर्षीच्या नाटकाचं नाव होतं ‘खाऱ्या मातीचा वाघ’. मिठागरात राबणारा राया नावाचा तरणाबांड गडी सावकाराविरुद्ध उभा राहतो आणि शेवटी सावकाराचा भाडोत्री मारेकरी त्याला भोसकतो, अशी कथा. तरणाबांड राया अर्थातच बाबा. पन्नाशी उलटलेली, पोट पट्ट्याच्या वर आलेलं, जिना चढताना दोनदा थांबणारे. पण मरणाच्या प्रसंगात त्यांना तोड नव्हती. भोसकल्यानंतर राया जेवढं बोलायचा तेवढं त्याआधी तिन्ही अंकांत मिळून बोलला नसेल. आईला पाठ्यपुस्तकाबाहेरचं नाटक काही कळत नाही असं बाबांचं मत होतं, पण तिने एकदा विचारलेला प्रश्न मला अजून बिनतोड वाटतो: “एवढं बोलायची ताकद आहे तर तो दवाखान्यात का जात नाही?”

रक्ताचं खातं माझ्याकडे आलं ते माझ्या शिक्षणामुळे. मी बारावी सायन्सला बसलो होतो आणि केमिस्ट्रीत गचकलो होतो. पण बाबांचं म्हणणं, नापास का होईना, घरात केमिस्ट्री घेतलेला माणूस हाच. आदल्या वर्षी ते कुंकवाचं पाणी तोंडात धरून मेले होते आणि नंतर पुढचे काही दिवस मोरीच्या आसपास राहून खरोखरच मरता मरता वाचले होते. तेव्हापासून घरात ठराव झाला होता की यापुढचं रक्त पोटात गेलं तरी चालेल असंच असलं पाहिजे.

पहिलं रक्त मी गुलाबाच्या सरबताचं केलं. ते इतकं पातळ आणि गुलाबी झालं की बाबा आरशासमोर मेले तेव्हा लग्नाच्या पंगतीत ठसका लागल्यासारखे दिसले. दुसऱ्यात मी कॉर्नफ्लॉवर घातलं, घट्ट व्हावं म्हणून, आणि ढवळायचं सोडून रेडिओवर क्रिकेटची कॉमेंटरी ऐकत बसलो. त्या रक्ताच्या वड्या पडल्या. बाबांनी अपशब्द न वापरता, पण फार जवळ येऊन विचारलं, “राया काय वड्या ओकणार आहे का, शास्त्रज्ञ?” रंग गडद व्हावा म्हणून त्यांनी स्वतः कपड्यांची नीळ एक थेंब टाकायची सूचना केली. ती आईने जागीच हाणून पाडली, नाहीतर हे प्रकरण मला फार आधी आणि फार वेगळं लिहावं लागलं असतं. बाजारात ही बातमी पोचायला वेळ लागला नाही. जवळच्या डोंगरी गावाहून मासे घेऊन येणारी मार्था मावशी पाटी पुढ्यात घेऊन बसलेली असायची. मला बघून हसत सुटली. “काय रं पोरा, रगात शिजवतंस म्हने? माझे कडं ये की. सुरमईचं वाटीभर देन, फुकट. आनि त्यात काय घालाया लागत न्हाय.” मी ही सूचना बाबांना सांगितली. बाबा क्षणभर विचारात पडले. मासे हा त्यांचा हळवा कोपरा होता. पण मग त्यांना सोसायटीचे सेक्रेटरी आठवले.

सेक्रेटरी म्हणजे जयंतीभाई. हार्डवेअरचं दुकान, पांढराशुभ्र सदरा, आवाज खाली असलेल्या पंपाला ऐकू जाईल असा. त्यांच्या सहीशिवाय सोसायटीच्या आवारात खिळा ठोकता येत नसे, मग स्टेज कुठलं बांधताय? त्या वर्षी त्यांनी परवानगी दिली पण एका अटीवर: त्यांना नाटकात काम हवं होतं. बाबांनी तत्काळ सावकार देऊन टाकला. जयंतीभाई खुश झाले, पण म्हणाले, “एक बात. मैं हाथ नहीं उठाऊंगा. हिंसा अपने में चलती नहीं.” म्हणून मारेकरी भाडोत्री आला, आणि वडीलधाऱ्या सावंतांना, म्हणजे बाबांना, सुरा मारायला इमारतीतला दुसरा कोणी तयार होईना म्हणून तो मारेकरीही मीच झालो. वर पडदा ओढणं आणि विसरलेली वाक्यं विंगेतून सांगणंही माझ्याकडेच होतं. बाबांची नाट्यसंस्था म्हणजे मुख्यतः मी होतो.

कमिटीच्या बैठकीत तिसऱ्या रक्ताचा विषय निघाला. हे रक्त माझ्या दृष्टीने जमलेलं होतं. रंग, दाटपणा, ओघळ, सगळं. मी छाती काढून उभा होतो.

“सावंतभाई, नाटक करो, अपने को कोई वांधा नहीं,” जयंतीभाई म्हणाले. “पण ये खून किससे बनता है?”

“बिटाच्या रसाचं,” मी म्हणालो. “त्यात मध.”

जयंतीभाईंनी डोळे मिटले. “बीट तो कंदमूळ हुआ, बेटा. और मध तो बिलकुल नहीं.”

“पण तुम्हाला कुठे प्यायचंय, जयंतीभाई? ते तर बाबांच्या तोंडात असणार.”

“तेरे बाबा मरते टाइम किधर थूंकते हैं, मेरे को पूछ. सामने मैं खड़ा रहता हूँ.”

हे सगळ्यांना पटलं, कारण तालमीला हजर असलेल्या प्रत्येकाने जयंतीभाईंचा सदरा पाहिला होता. बराच खल झाला. एका सभासदाने काळजीने विचारलं की रक्तात लसूण तर नसतो ना. शेवटी इतिवृत्तात रीतसर नोंद झाली की नायकाचे रक्त शुद्ध शाकाहारी व कंदमूळविरहित असावे, सूचक जयंतीभाई, अनुमोदक सावंत. माणसाच्या रक्तात काय असावं आणि काय नसावं यावर मी पुढे आयुष्यात पुष्कळ सभा आणि पुष्कळ भाषणं ऐकली. इतक्या सौजन्याने आणि इतक्या लवकर निकाल लागलेली ही एकच.

तर मग चौथं रक्त. गुळाचा पाक, त्यात गावाहून आलेलं कोकमाचं आगळ, मिठाईवाल्याकडून आणलेला खायचा लाल रंग, चिमूटभर कॉफी काळपटपणासाठी, आणि या खेपेला न थांबता ढवळलेलं कॉर्नफ्लॉवर. पातेल्यातून पळी वर उचलली तेव्हा जी धार पडली ती बघून मंदा भिंतीला चिकटली. मग तिने बोट बुडवून चाटलं आणि भिंत सोडली. काय चव होती! आंबट, गोड, मागून आगळाचा खारटपणा, आणि शेवटी कॉफीची जराशी कडू झाक. परवा माझ्या नातवाने कुठल्याशा भुताखेतांच्या पार्टीसाठी इंटरनेटवरून रक्ताची ट्यूब मागवली. मीरा रोडच्या त्याच्या कॉम्प्लेक्समध्ये आता दरवर्षी मुलं भुतं होऊन लिफ्टने हिंडतात. मी ट्यूबमधलं थोडं चाखलं. टूथपेस्ट. ‘आजोबा, ते खायचं नसतं,’ नातू म्हणाला. मी म्हटलं, अरे, जे पोळीशी खाता येत नाही ते रक्त काय कामाचं?

कारण आमच्याकडे ते पोळीशी खाल्लं जायला लागलं होतं. मंदा शाळेच्या डब्यात न्यायची. शेजारच्या वहिनी वाटी घेऊन यायच्या आणि दारातूनच विचारायच्या, “दिनू, जरा रक्त आहे का रे? आमच्याकडे इडल्या केल्यात.” मी दर दोन दिवसांनी नवं पातेलं चढवत होतो आणि तरी तालमीला कमी पडत होतं. आणि तालमीला कमी का पडत होतं, हे माझ्या लक्षात यायला हवं होतं. पण मी तेव्हा कौतुकाच्या धुंदीत होतो.

बाबांना साखर होती. म्हणजे मधुमेह, पण आमच्याकडे कोणी मधुमेह म्हणत नसे. ‘ह्यांना साखर आहे’ असं आई शेजारणींना सांगायची, आणि ती आहे म्हणून घरातली सगळी साखर तिने कुलपात ठेवली होती. चहा बिनसाखरेचा, शिरा सणालासुद्धा नाही, मोदक आला तर त्यातलं सारण मंदाला आणि वरची पारी बाबांना. गोडावर जीव असलेला माणूस असा पारी चघळत बसलेला पाहून वाईट वाटायचं. आणि त्याच माणसाच्या तोंडात मी, त्याचा चिरंजीव, रोज संध्याकाळी गच्चीवर गुळाच्या पाकाची पुडी सरकवत होतो.

पुडीची युक्ती बाबांचीच. पातळ प्लास्टिकच्या तुकड्यात रक्त बांधायचं. मी मागून येऊन त्यांचं तोंड दाबायचं, दाबता दाबता पुडी आत सरकवायची, सुरा मारायचा, आणि त्यांनी पुडी चावून रक्त ओठांतून सोडायचं. पहिल्या एक-दोन दिवसांत हे छान बसलं. पण बाबांचं समाधान होईना. “नाही, नाही. वेदना आली नाही. पुन्हा घेऊ.” मी पुन्हा भोसकायचो. “मान जरा डावीकडे हवी होती. पुन्हा.” पहिला अंक धूळ खात पडला होता, दुसऱ्यातली वाक्यं कोणालाच येत नव्हती, आणि राया मात्र संध्याकाळभर मरत होता. मी सगळ्यांना सांगत सुटलो की याला म्हणतात कलेवरची निष्ठा. ओठांतून बाहेर येणारं रक्त दिवसेंदिवस कमी होतंय हे माझ्याआधी जयंतीभाईंनी टिपलं. “अच्छा है,” ते म्हणाले, “अब मेरा सदरा बचता है.”

मग कंपनीत तपासणी झाली आणि बाबांच्या खऱ्या रक्तात माझं खोटं रक्त सापडलं. साखर कुठल्या कुठे चढली होती. डॉक्टरांनी आईला विचारलं, “काय देता काय ह्यांना?” आईने कुलपाची किल्ली काढून दाखवली. डॉक्टरांनी गोळी वाढवून दिली आणि बजावलं की आता जेवण वेळच्या वेळी हवं; कधी घाम फुटला, हात थरथरले, माणूस असंबद्ध बोलायला लागला तर साखर एकदम उतरली समजा आणि हाताला लागेल ते गोड तोंडात घाला. बाबा परत येताना फार गंभीर होते. आईला वाटलं पश्चात्ताप. मला वाटतं ते या प्रसंगातून नाटक कसं करता येईल याचा विचार करत होते.

दुसऱ्याच दिवशी आई वाळत घातलेले कपडे काढायला गच्चीवर आली. राया नुकताच मेला होता आणि डोळे मिटून, अतिशय तृप्त चेहऱ्याने, ओठांवरून जीभ फिरवत होता. आई थांबली. माझ्या हातातल्या वाटीत तिने बोट बुडवलं आणि चाटलं.

“हे मरतायत की जेवतायत?” तिने मला विचारलं.

राया जागचा हलला नाही. मेलेलं राहण्यात शहाणपण आहे हे त्याला कळलं होतं.

“अहो, उठा. मी तुमच्याशी बोलतेय.”

“तालीम चाललीय,” राया डोळे न उघडता म्हणाला.

“तालीम! घरात मी साखरेला कुलूप लावून बसलेय, आणि वर गच्चीवर बाप मरायच्या नावाखाली गूळ चापतोय आणि मुलगा तो भरवतोय. दिनू, उद्यापासून रक्तात गूळ पडलेला दिसला तर ते पातेलं तुझ्या डोक्यात घालीन. आणि तुम्हाला काय झालं म्हणजे मी कोणाच्या तोंडाकडे बघायचं, ते एकदा तुमच्या त्या वाघाला विचारा.” शेवटचं वाक्य बोलताना तिचा आवाज नेहमीसारखा चढला नाही, उलट खाली गेला. आम्ही दोघांनी एकमेकांकडे पाहायचं टाळलं.

तेव्हापासून घरात दोन रक्तं व्हायला लागली. एक आईचं: कोकम, मीठ, रंग, कॉफी, गूळ अजिबात नाही. ते ओट्यावर उघड्यावर, आईच्या देखरेखीखाली होई आणि रोज तालमीला जाई. बाबा आता एकदाच मरायचे, तेही घाईघाईत आणि तोंड वाकडं करून. दुसरं रक्त प्रयोगाच्या आदल्या दिवशी झालं, ते आई बाजारात गेली असताना. बाबा माझ्यामागे दोन दिवस लागले होते. “दिन्या, एकदाच. एकच पुडी आणि जखमेसाठी एक बाटली सदऱ्याखालची. माणसाला प्रयोगात तरी गोड मरण नको का?” मला दया आली. शिवाय, खरं सांगायचं तर, माझ्यातल्या कारागिराला ते खारट पाणी स्टेजवर न्यायची लाज वाटत होती. मी दुप्पट गूळ घातला.

प्रयोगाच्या दिवशी बाबा जेवले नाहीत. प्रयोगाच्या दिवशी नट जेवत नाही, असा त्यांचा सिद्धांत होता. कुठल्या नटाचा, ते विचारायचं नाही. आईने ताट वाढलं, झाकलं, पुन्हा वाढलं. “निदान दही-भात तरी.” “नंतर.” वाढीव गोळी मात्र त्यांनी शहाण्यासारखी घेतली, कारण ती आईने हातात ठेवली होती.

संध्याकाळी आरती झाली आणि आवारात खुर्च्या लागल्या. फळ्यांचं स्टेज, तारेवर ओवलेल्या चादरींचा पडदा, वरून लोंबणारे दोन माइक. मिठाचा ढीग म्हणून पोत्यांवर पांढरं कापड टाकलं होतं. आई पहिल्या रांगेत, लग्नकार्यातच निघणारं मोतिया पातळ नेसून. पहिले दोन अंक लोकांनी गणपतीकडे बघून सहन केले. तिसऱ्याचा शेवट आला. बाबा मिठाच्या ढिगावर चढले, हात वर केला आणि गर्जले, “या खाऱ्या मातीत माझा घाम आहे!” टाळ्या पडल्या. मग ते थांबले. मग म्हणाले, “या खाऱ्या मातीत माझा घाम आहे.” पुन्हा थांबले. तिसऱ्यांदा तेच वाक्य निम्मंच आलं. खरोखरच घाम होता. कपाळावरून, कानामागून, रंगासकट वाहत होता. वर केलेला हात थरथरत होता. मागच्या रांगेतून कोणीतरी म्हणालं, “काय काम करतोय सावंत!” मलाही विंगेतून तसंच वाटलं, हे सांगायला हवं. मी काळं घोंगडं पांघरून, पत्र्याचा सुरा घेऊन, सावकाराच्या हुकमाची वाट बघत होतो. आणि सावकाराने हुकूम द्यायच्या आत राया ढिगावरून खाली बसला, कलंडला आणि आडवा झाला.

जयंतीभाई विंगेकडे वळले आणि आपल्या परीने कुजबुजले, म्हणजे शेवटच्या खुर्चीपर्यंत ऐकू गेलं: “दिनू, तू आया नहीं और ये मर गया!”

मला राग आला. मी न मारता मेले म्हणजे काय? मी धावत गेलो आणि पडलेल्या माणसाला नियमाप्रमाणे सुरा मारला. मग नियमाप्रमाणे तोंडावर हात ठेवला आणि माझा हात ओला गार झाला. ओठ थरथरत होते. डोळे उघडे होते पण त्यांत मी नव्हतो. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि अगदी हळू, अदबीने म्हणाले, “आणतो साहेब. फाइल आणतो.”

सुरा माझ्या हातातून पडला. पुढे काय करायचं असतं ते डॉक्टरांनी सांगितलं होतं, आईने ऐकलं होतं, मीही ऐकलं होतं. शेजारी मांडवात गणपतीपुढे पेढ्यांचं ताट भरलेलं होतं. पण अशा वेळी बुद्धी मांडवापर्यंत जात नाही. ती हातापर्यंतही जात नाही. माझ्या हातात पुडी होती आणि मी नुसता तिच्याकडे बघत होतो.

आई स्टेजवर कधी चढली मला कळलं नाही. पायऱ्या मागच्या बाजूला होत्या. ती समोरून, फळीला हात टेकून चढली, असं नंतर लोकांनी सांगितलं. तिने बाबांच्या कपाळाला हात लावला, मान उचलून मांडीवर घेतली. “अहो. अहो, इकडे बघा. साखर उतरलीय ह्यांची.” मग तिची नजर माझ्या हातावर गेली.

“गोड आहे का हे?”

“नाही!” मी म्हणालो. “आईशप्पथ, नाही.” इतक्या वर्षांची सवय. विचार करायच्या आतच तोंडातून गेलं.

आणि आईचा चेहरा पडला. आमच्या घरात माझं बोलणं खरं मानून पडलेला हा पहिला चेहरा. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला.

“आहे! आहे, आई. गोड आहे. दुप्पट गूळ आहे!”

“मग बघतोस काय मेल्या? घाल तोंडात!”

मी पुडी दातांनी फाडली. आईने बोटाने त्यांचे ओठ विलग केले आणि थोडं थोडं आत सोडलं, गालाच्या आतून चोळलं. घोट उतरला. सदऱ्याखालची बाटली काढली, तीही तिने ओंजळीतून पाजली. रक्त बाबांच्या हनुवटीवरून, आईच्या मोतिया पातळावरून, फळ्यांवर. जयंतीभाई मांडी घालून बसले होते आणि सावकाराच्या चोपडीने वारा घालत होते. “पीओ सावंतभाई, पीओ. शुद्ध है, बेफिकर पीओ.” समोर लोकांना दिसत होतं ते असं. मारेकरी आपल्या सावजाला रक्त परत पाजतोय, सावकार वारा घालतोय, पहिल्या रांगेतली एक बाई समाजाचं प्रतीक होऊन वर आलीय. सोसायटीत नाट्यदृष्टी असलेले जे दोघे-तिघे होते, त्यांनी नंतर मला या शेवटाचा अर्थ समजावून सांगितला. मी मान डोलावली. अजूनही कोणी एखाद्या प्रायोगिक नाटकाचा अर्थ सांगायला लागलं की माझ्या मनात पहिली शंका येते, यातला कोण जेवला नव्हता?

बराच वेळ काही झालं नाही. आई त्यांच्या मनगटावर बोटं ठेवून बसली होती आणि तिचे ओठ हलत होते. मग बाबांनी डोळे मिचकावले. वरचे दिवे पाहिले. आईकडे पाहिलं, आणि ते तिला ओळखताहेत हे तिला दिसलं. तिने एकदम श्वास सोडला. नंतर त्यांनी मान वळवली, समोर खचाखच भरलेलं आवार पाहिलं आणि माझ्याकडे बघून विचारलं, “कुठवर आलो होतो?”

विंगेतून वाक्यं सांगायची सवय. मी म्हणालो, “या खाऱ्या मातीत.”

बस्स. बाबा आईच्या मांडीवरून कोपरावर उठले. “या खाऱ्या मातीत,” ते गर्जले, आणि लोक उभे राहिले. टाळ्या, शिट्ट्या. भाषण पहिल्यापासून सुरू झालं. त्यात त्यांनी नवीन मजकूरही घातला. यम, रेडा, परत येण्याची वाट, या मातीचं ऋण. चेहरा अजून पांढराफटक होता, घाम वाळायचा होता, पण आवाज चढत चालला होता. आईची बोटं त्यांच्या मनगटावरून हलली नव्हती. ती त्यांच्याकडे बघत होती. रडत होती की हसत होती, मला सांगता येणार नाही. तोंडाला पदर लावलेला होता आणि पदर लाल झाला होता. राया आता मुलाबाळांना उपदेश करणार होता, तो भाग मोठा होता, मला ठाऊक होतं. आई त्यांच्या कानाशी वाकली. ती आपली हळूच बोलली, पण माइक नेमका तिच्या डोक्यावर लोंबत होता आणि सगळ्या आवाराला ऐकू गेलं.

“पुरे झालं. आता मरा बघू, आणि घरी चला. भात निवतोय.”

बाबांनी तिच्याकडे पाहिलं. आणि उरलेला सगळा उपदेश गिळून, तिच्या मांडीवर डोकं ठेवून, निमूटपणे मेले.